वादळ मनात असतं म्हणे! मग वारा कुठून येतो ते सांगा

मतलई :
'गोदाकाठ' यांनी नाशिकच्या वाचकमंडळींसाठी श्रावणातली यादी टाकली आहे. विषय : वादळं आणि उलथापालथ. पुस्तकं : 'वावटळ', 'पानिपत', 'नटसम्राट' वगैरे. खाली शेरा : "खरं वादळ माणसाच्या आत असतं, बाहेरचा वारा ही नुसती सजावट." या शेऱ्यानं डोकं फिरलं, म्हणून सविस्तर लिहितो.

कॉनरॅडचं 'टायफून' (१९०२) घ्या. कॅप्टन मॅक्व्हिर बघतो की वायुभारमापकाचा पारा उतरतोय. वादळाला वळसा कसा घालायचा, हे पुस्तकात वाचतो आणि पुस्तक बाजूला ठेवतो. का? तीनशे मैल जास्त पडतील, कोळशाचं बिल फुगेल, आणि वादळ भेटलंच नाही तर मालकाला सांगायचं काय? सगळी गोष्ट या हिशेबावर उभी आहे. वारा काढून घ्या, मॅक्व्हिर उरतच नाही. रिचर्ड ह्यूजच्या 'इन हॅझर्ड'मध्ये (१९३८) जहाजाचं धुराडंच उडून जातं. धुराडं नाही म्हणजे भट्टीला ओढ नाही, ओढ नाही म्हणजे वाफ नाही. वाफ गेली की पंप, दिवे, सुकाणूचं यंत्र, सगळं ठप्प. माणसं कशी वागतात ते त्यानंतर येतं, आणि त्यातूनच येतं.

आपल्याकडे वादळ म्हणजे विशेषण. वादळी सभा, वादळी व्यक्तिमत्त्व. वारा कुठून सुटला, किती वेळ टिकला, आधी काय मोडलं, याची कुणाला पर्वा?

गोदाकाठ :
आले कप्तानसाहेब! नाशिकला समुद्र कुठला हो? रामकुंडावर जहाजं लागतात का? इथे पूर मोजायचा तो नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या अंगावर.

आता 'वावटळ'. ३० जानेवारी १९४८ ला गांधीजींचा खून झाला आणि गावागावांत ब्राह्मणांची घरं पेटली. व्यंकटेश माडगूळकरांनी नावात 'वादळ' घातलं नाही, 'तुफान' घातलं नाही. वावटळ ढगातून येत नाही. आभाळ निरभ्र असतं, जमीन तापते, खालची हवा गरम होऊन वर उसळते आणि जागच्या जागी गरगरते. मिनिटा-दोन मिनिटांत संपते, आजूबाजूचं पानही हलत नाही. शेजारच्या आळीत शांतता आणि इथे घराची राख! उपमा म्हणून याहून अचूक शब्द तुमच्या पिडिंग्टनलाही सापडला नसता.

मतलई :
पिडिंग्टनचं नाव काढलंतच तर पूर्ण काढा. 'सायक्लोन' हा शब्द त्यानं कोलकात्यात बसून १८४८ मध्ये खलाशांसाठीच्या पुस्तकात आणला, ग्रीक शब्दावरून, सापाच्या वेटोळ्यासारखा म्हणून. ती सजावट नव्हती. वेटोळं आहे हे कळलं की सुटायची दिशा कळते. उत्तर गोलार्धात वाऱ्याकडे पाठ करून उभे राहा, केंद्र डाव्या हाताला. वादळ ज्या दिशेला चाललंय तिच्या उजव्या बाजूला फटका जास्त, कारण तिथे त्याची चाल वाऱ्याच्या वेगात मिळते. ३ जून २०२० च्या 'निसर्ग'मध्ये श्रीवर्धन-दापोली झोडपलं गेलं आणि मुंबई बचावली, ती याच हिशेबानं.

'वावटळ'चं मान्य. अर्धंच. वावटळ गावाची वेस ओलांडत नाही, १९४८ ची आग मात्र बातमीबरोबर गावामागून गाव पुढे गेली. आणि 'पानिपत' यादीत कशाला? १४ जानेवारी १७६१ च्या आधी रसद तोडून सैन्य कित्येक आठवडे उपाशी ठेवलं होतं. त्याला वेढा म्हणतात. वादळात कुणी उपाशी मरेपर्यंत वाट बघत नाही.

जुनीपानं :
दोघेही कादंबरीतच अडकलात. इतिहासाचं काय? डॅनिएल डिफोनं नोव्हेंबर १७०३ च्या वादळावर १७०४ मध्ये पुस्तक काढलं. वृत्तपत्रात जाहिरात देऊन लोकांकडून पत्रं मागवली. वायुभारमापकाचा पारा इतका खाली गेला की पोरांनी नळीशी चाळा केला असेल असं त्याला वाटलं. केंटमधली पडलेली झाडं मोजायला निघाला आणि १७ हजारांवर कंटाळून मोजणं सोडलं. साध्या कौलांचा भाव हजारी २१ शिलिंगांवरून ६ पौंडांवर गेला, तेही लिहून ठेवलं. आपल्याकडे वादळानंतर पत्र्यांचा भाव काय झाला, हे कुणी पुस्तकात लिहितं का?

निफाडकर :
पत्र्याचं राहू द्या. तुमच्या यादीत गारपीट कुठे आहे? नाशिक जिल्ह्यात वादळ म्हणजे गारपीट. २०१४ चा फेब्रुवारी-मार्च विसरलात वाटतं. ऑक्टोबरात गोडी छाटणी (फळांसाठीची) केलेला द्राक्षाचा बाग तेव्हा काढणीला आलेला असतो. गार मण्यावर बसली की मणी तडकतो, रस गळतो, तिथून कूज सुरू होते आणि चांगला घडही बाद होतो. वेलीच्या काडीला लागली तर साल फुटते आणि पुढच्या हंगामाची काडीही दुखावते. कसमादेत (कळवण, सटाणा, मालेगाव, देवळा) आगाप छाटणी करतात, त्यांचा माल आधी निघतो, पण त्यांच्या फुलोऱ्यात पाऊस सापडला की गळकूज. आहे का एक तरी कादंबरी यावर?

गोदाकाठ :
दादा, हा धागा पुस्तकांचा आहे, कृषी प्रदर्शनाचा नाही.

निफाडकर :
मग 'टायफून'मधलं कोळशाचं बिल चालतं आणि द्राक्षाचं नाही? मांडव का पडतो ते तरी माहीत आहे? गारेनं नाही, ताणामुळे. घड भरलेले, पानं ओली, सगळं वजन तारांवर. ओळीच्या टोकाचा खांब मागे ओढून धरणारी तार, म्हणजेच ताण, जमिनीत गाडलेल्या दगडाला बांधलेली असते. काळी माती भिजली की दगड सरकतो, एक ताण सुटतो, आणि अख्खी ओळ एकावर एक झोपते. पडली की उचलता येत नाही, घड तुटतात. तुमच्या धुराड्यासारखंच हे. एक गेलं की पाठोपाठ सगळं.

मतलई :
निफाडकर, हे दहा ओळींत तुम्ही जे लिहिलंत ते मराठी कादंबरीकारांनी वाचावं. फक्त एक दुरुस्ती. गारपीट आणि चक्रीवादळ एका पोत्यात भरू नका. चक्रीवादळाचा गाभा उबदार, त्यात गार सहसा पडत नाही. गारेला खाली तापलेली दमट हवा आणि वर थंड हवा लागते.

निफाडकर :
भरलं कुणी पोत्यात? 'निसर्ग'चं नाव तुम्ही काढलंत, मी नाही.

जुनीपानं :
आता भांडा. उलथापालथ हा अर्धा विषय राहिलाच. नाशिकच्या वाचकांची यादी, आणि २ मार्च १९३० ला सुरू झालेल्या काळाराम मंदिर सत्याग्रहावर एकही पुस्तक नाही? मनातलं वादळ शोधायला पानिपतला जायचं, पंचवटीत बघायचंच नाही! पाच वर्षं चालला तो.

गोदाकाठ :
हा मुद्दा घेतो. मुकाट घेतो. पण 'नटसम्राट' हलणार नाही. 'लिअर'मधलं वादळ शेक्सपिअरनं माळावर ठेवलं, शिरवाडकरांनी ते बेलवलकरांच्या तोंडात घातलं. तिथे तुफान म्हणजे माणूसच, आणि ते रंगमंचावर पत्रा हलवून येत नाही. कप्तानसाहेबांना याचीही दिशा हवी का?

मतलई :
नको. ते एक सोडतो. पण तुमचा 'सजावट'वाला शेरा आधी काढा. आणि ज्या कॉनरॅडला मी डोक्यावर घेतलंय त्यानंही फसवलंय, ते कबूल करतो. जहाज वादळाच्या डोळ्यातून, म्हणजे मधल्या शांत भागातून, पार झाल्यावर वादळाचा दुसरा अर्धा भाग, ज्यात वारा उलट दिशेनं येतो, तो त्यानं सरळ गाळला. पुढच्या प्रकरणात जहाज बंदरात.

गोदाकाठ :
म्हणजे वाऱ्याची दिशा बदलते तिथेच तुमचा लेखक पान उलटतो. उत्तम! शेरा काढला. 'पानिपत' काढलं. 'टायफून' घातलं, तेही अर्ध्या वादळासकट.

निफाडकर :
आणि गारपीट?

गोदाकाठ :
तुम्ही लिहा. छापून झालं की घालतो.