हुकूमनामा (कोर्टाचा निकाल) होऊन तीन वर्षं झाली, पैसे नाहीत. दरखास्तीबद्दल (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या अर्जाबद्दल) मदत हवी आहे (सोलापूर)

नमस्कार. प्रश्न जरा लांब आहे, पण वेळ काढून वाचा ही विनंती.

वडिलांचा सूत रंगवण्याचा छोटा धंदा होता, पूर्व भागात. एका टॉवेल कारखानदाराला ते वर्षानुवर्षं रंगीत सूत देत होते. शेवटी शेवटी त्यानं बिलं थकवली. "गड्ड्याची जत्रा झाली की देतो", "दिवाळीची ऑर्डर निघाली की देतो" असं करत दोन वर्षं गेली. मग वसुलीचा दावा लावला. २०२२ मध्ये निकाल आमच्या बाजूनं लागला: ३ लाख ७२ हजार मुद्दल, ६ टक्के व्याज आणि दाव्याचा खर्च. नक्कल हातात आली त्या दिवशी आईनं ती देवघरात नेऊन ठेवली होती.

त्यानं अपील केलं नाही आणि एक रुपयाही भरला नाही. आम्ही दरखास्त लावली, तिलाही आता दुसरं वर्ष चालू आहे. जंगम जप्तीचं, म्हणजे माग वगैरे हलवता येणाऱ्या वस्तू जप्त करायचं, वॉरंट दोनदा निघालं. दुसऱ्या वेळी बेलीफसोबत (जप्ती करणाऱ्या कोर्टाच्या कर्मचाऱ्यासोबत) मी स्वतः गेलो. पुढचं शटर खाली, त्याला कुलूप, आणि आत माग चालू! खटखट गल्लीच्या तोंडापर्यंत ऐकू येत होती. शटरवर हात ठेवला तर थरथर हाताला लागत होती. कामगार मागच्या दारानं ये-जा करतात हे सगळ्या गल्लीला माहीत आहे. बेलीफनं अहवालात लिहिलं, जागा कुलूपबंद, जप्ती झाली नाही.

आता तो म्हणतो, माग बायकोच्या नावावर आहेत, माझं काही नाही. एमआयडीसीतलं गोडाऊन मात्र त्याच्याच नावावर असून भाड्यानं दिलंय, आणि पुण्यात फ्लॅट घेतल्याचं कळतंय. वकीलसाहेब दर तारखेला "बघू" म्हणतात. वडील ६८ वर्षांचे आहेत, गुडघे दुखत असतानाही प्रत्येक तारखेला येतात. त्याला तुरुंगात टाकता येतं का? बायकोच्या नावावरच्या मागांचं काय? दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढा असं सुप्रीम कोर्टानं सांगितल्याचं वाचलं, ते खरं आहे का?

प्रतिसाद

दादा, मी बरीच वर्षं दिवाणी कोर्टात नोकरी केली आहे, म्हणून लिहितो.

सहा महिन्यांचं खरं आहे, २०२१ चा निकाल आहे. उशीर झाला तर कोर्टानं लेखी कारणं द्यायची असतात. वकिलांना त्यावर बोट ठेवून अर्ज द्यायला सांगा. हुकूमनाम्याची मुदत मात्र १२ वर्षं असते, त्यामुळे हक्क बुडेल अशी भीती धरू नका.

तुमचं खरं काम मागांपेक्षा गोडाऊनमध्ये आहे. भाडेकरू जे भाडं देतो ते जप्त करून कोर्टात भरायला लावता येतं. टॉवेल घेणाऱ्या व्यापाऱ्यांकडे त्याची येणी असतील तर तीही तशीच. कुलूप तोडायची गरज नाही आणि बेलीफचा अहवालही आड येत नाही. गोडाऊनची स्थावर जप्ती एकदा झाली की नंतर त्यानं ते कुणाला विकलं तरी ती विक्री तुमच्याविरुद्ध चालत नाही. म्हणून हे आधी करा.

त्याचबरोबर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ नियम ४१ खाली अर्ज द्या. कोर्ट त्याला मालमत्तेचं शपथपत्र द्यायला लावतं. आदेश होऊनही दिलं नाही तर तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते.

नुसते पैसे दिले नाहीत म्हणून कैद होत नाही, १९८० पासून सुप्रीम कोर्टाची हीच भूमिका आहे. ऐपत असून तो टाळतोय हे तुम्हाला दाखवावं लागेल. कैदेतला त्याचा भत्ताही तुम्हालाच भरावा लागतो. सुटून आला की कर्ज तसंच राहतं, पण त्याच हुकूमनाम्यावर पुन्हा अटक करता येत नाही. हे हत्यार शेवटी ठेवा.

मागांवर बायकोनं हरकत घेतली तर तिचा निकाल तेच कोर्ट त्याच आदेशाच्या नियम ५८ खाली देतं, वेगळा दावा लागत नाही. वीजजोडणी कुणाच्या नावावर, माग कधी नि कुणाच्या पैशानं घेतले, याचे कागद जमवा. पुन्हा वॉरंट काढाल तेव्हा कुलूप तोडण्याची परवानगी आणि पोलीस मदत, दोन्ही एकत्र मागा. पुण्याच्या फ्लॅटसाठी हुकूमनामा पुण्याच्या कोर्टाकडे वर्ग करून घ्यावा लागेल. तो आधी त्याच्या नावावर आहे का, ते इंडेक्स टूवर (नोंदणी कार्यालयातल्या खरेदीच्या नोंदीवर) बघा.

धागाकर्ता

काका, खूप आभार. भाड्याचं आम्हाला कुणीच सांगितलं नव्हतं. भाडेकरू ओळखीचा आहे, भाडं दर महिन्याच्या ५ तारखेला देतो. पुढची तारीख १९ ला आहे. त्याआधी वकीलसाहेबांकडून दोन्ही अर्ज तयार करून घेतो. भाडं रोख देत असेल आणि पावतीच नसेल, तर भाडेकरूची साक्ष चालेल का?