थेट सरपंचाला मेंबरांनी पाडावं का? अविश्वास ठरावावर बोला

बांधावरचा
शेजारच्या गावात सरपंचबाईंवर अविश्वास आणला, मेंबरांत पास झाला आणि ग्रामसभेच्या मतदानात पडला. बाई खुर्चीवर कायम. माझं म्हणणं सरळ आहे, ज्याला अख्ख्या गावाने बटण दाबून निवडलं त्याला काढायचं तर गावानेच काढावं, सात-आठ जणांनी तहसीलदारासमोर बसून नाही. २०१७ ला थेट निवडणूक आली तेव्हा कायद्यात ही पायरी घातली, आधी मेंबरांचं तीन चतुर्थांश बहुमत आणि मग विशेष ग्रामसभेत गुप्त मतदान. २०२० ला सरकार बदललं तर थेट निवडणूकच गेली, २०२२ ला परत आली. तर ही पायरी राहू द्या एवढंच.

आणि ठरावातलं कारण काय तर "मनमानी कारभार, सदस्यांना विश्वासात न घेणे". कुठल्याही तालुक्यातला ठराव काढून बघा, हेच वाक्य सापडणार, गावाचं नाव तेवढं बदललेलं. खरं कारण डोंगल आहे, म्हणजे डिजिटल सहीची ती पेनड्राइव्हसारखी किल्ली. वित्त आयोगाच्या पैशाचं बिल काढायला सरपंच आणि ग्रामसेवक दोघांची डिजिटल सही लागते, बाईंनी आपला डोंगल घरच्या कपाटात ठेवला, चावी कमरेला, आणि उपसरपंचाच्या पाहुण्याचं गटाराचं बिल अडलं.

माजी मेंबर वॉर्ड ३
डोंगलची गोष्ट भारी आहे पण एकतर्फी आहे राव. मी पाच वर्ष मेंबर होतो थेट सरपंचाच्या काळात. मासिक सभेत आम्ही चहा पिऊन सह्या करायचो बस. प्रोसिडिंग, म्हणजे सभेत काय ठरलं त्याची नोंद, नंतर लिहिलं जायचं, आपण काय मंजूर केलं ते आपल्यालाच महिन्याने कळायचं. सरपंचाला माहिती असतं ना की हे लोक आपलं काही वाकडं करू शकत नाहीत. हिशोब करा, निवडून आल्यावर पहिली दोन वर्ष ठराव आणता येत नाही, शेवटचे सहा महिने आणता येत नाही, म्हणजे पाचातली अडीच वर्ष अशीच गेली. उरलेल्या अडीचात तीन चतुर्थांश जमवा आणि वर ग्रामसभा जिंका. एवढ्या वेळात माणूस तालुक्याला बंगला बांधतो.

घागर
@माजी मेंबर, तीन चतुर्थांश कसं जमवतात ते पण सांगा की. आमच्याकडे नोटीस दिली त्याच रात्री दोन क्रूझर भरून मेंबर गायब, बायका मेंबर असतील तर त्यांचे नवरे पण सोबत. चार दिवसांनी थेट तहसीलदारांच्या सभेला उतरले, सगळे उन्हाने काळेठिक्कर आणि सगळ्यांच्या डोक्यावर एकसारख्या नव्या टोप्या. याला लोकशाही म्हणायचं तर म्हणा. बाईमाणूस सरपंच असलं की ठराव जरा जास्तच सुचतो. उगाच नाही राखीव जागेवरच्या महिला सरपंचासाठी आधीपासूनच तीन चतुर्थांशाची अट होती, इतरांना दोन तृतीयांशात घालवता यायचं.

माजी मेंबर वॉर्ड ३
@घागर महिला सरपंच म्हणजे कारभार महिलाच बघते का? आमच्याकडे सभेला खुर्चीवर त्यांचे मिस्टर बसायचे. त्यांच्यावर कुठला ठराव आणू?

घागर
हा मुद्दा मान्य. पण म्हणून नवऱ्याच्या कारभाराची शिक्षा बाईच्या खुर्चीला, हे काही पटत नाही.

कोयता
ग्रामसभा म्हणजे अख्खं गाव असं वर लिहिलंय त्यावर बोलतो. आम्ही ऊसतोडवाले, दिवाळी झाली की अर्धं गाव कारखान्याच्या फडात. आमच्याकडे अविश्वासाचं ग्रामसभेतलं मतदान डिसेंबरात लागलं. निवडणुकीला आम्हाला आणायला गाड्या येतात, डिझेल जेवण सगळं, यावेळी सरपंचाच्या पार्टीने तेवढ्या त्यांच्या लोकांना गाड्या पाठवल्या, बाकीच्यांना मुकादमाने सुट्टी दिली नाही, उचल म्हणजे आगाऊ पैसे घेतलेले असतात, बोलणार काय. शाळेच्या पटांगणात दोरी बांधून रांगा, निवडणुकीत मतदान केलं त्याच्या निम्मी माणसंही नव्हती. मग हा निकाल गावाचा कसा?

बांधावरचा
@कोयता तुमचं म्हणणं डोक्यात राहील, याचा विचार मी केला नव्हता. पण मग तारीख नीट धरा, पायरी कशाला काढायची. निम्म्याहून कमी आले तरी मेंबरांपेक्षा जास्तच ना, मेंबर किती, नऊ नाहीतर अकरा. आणि खरोखर पैसे खाल्ले असतील तर ग्रामपंचायत कायद्याचं कलम ३९ आहेच, जिल्हा परिषदेच्या सीईओंकडून चौकशी होते आणि विभागीय आयुक्त पदावरून काढतात. भ्रष्टाचाराला पुरावा द्या ना, अविश्वासाला पुरावाच लागत नाही म्हणून तो सोपा वाटतो.

माजी मेंबर वॉर्ड ३
३९ चं नाव काढू नका. आम्ही अर्ज दिला, विस्तार अधिकारी आले, दप्तर बघितलं, अहवाल गेला, सुनावणी लागली, पुढची तारीख, त्याच्या पुढची तारीख, तेवढ्यात मुदत संपून नवीन बॉडी आली. अविश्वासाचं तसं नाही, नोटीस दिली की तहसीलदाराला सात दिवसांत सभा बोलवावी लागते. पुरावा नको म्हणता, बरोबर आहे, नावच अविश्वास आहे त्याचं. ज्या माणसाबरोबर काम करायचं त्याच्यावर विश्वास आहे की नाही ते सोबत बसणाऱ्यालाच कळणार.

घागर
सोबत बसणाऱ्याला टोपी मिळाली की लगेच कळतं 😄

माजी मेंबर वॉर्ड ३
हसा. @बांधावरचा एक विचारतो, तुमच्या त्या शेजारच्या गावातली पाण्याची मोटर जळून तीन आठवडे झाले असं ऐकलं. डोंगल बाईंच्याच कपाटात आहे ना अजून? मग बिल का निघत नाही?

बांधावरचा
कारण मोटरचा विषय मासिक सभेत निघाला तेव्हा सात मेंबर सही न करता उठून गेले. बाई डोंगल पिशवीत घेऊन आल्या होत्या.

माजी मेंबर वॉर्ड ३
उठून का गेले ते विचारा. कोटेशन एकच होतं, तेही बाईंच्या भावाच्या दुकानाचं.

बांधावरचा
हे मला माहीत नव्हतं. उद्या जाऊन बघतो.