रिट मागे घेऊन प्रांतांकडे अपील: काय सांभाळावं?

कातळवाडीकर, दापोली
नमस्कार मंडळी. आजोबांची कलमांची बाग आहे. चुलत घराण्याने सांगितलेल्या तोंडी वाटपावर फेरफार (सातबाऱ्यावरच्या नावांतला बदल) मंजूर झाला, आम्हाला नोटीस नाही. आधीच्या वकिलांनी थेट हायकोर्टात रिट (याचिका) घातलं, अंतरिम स्थगितीही मिळाली. आता प्रकरण हायकोर्टाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे आहे आणि नवे वकील म्हणतात, महसूल संहितेत प्रांतांकडे (उपविभागीय अधिकाऱ्यांकडे) अपील असताना रिट टिकणं कठीण, मागे घेऊ. आई घाबरलीय. तिला वाटतं, मागे घेतली म्हणजे हरलो. कुणी या वाटेने गेलंय का?

वेंगुर्ल्याचा भाऊ
आईंना सांगा, हरणं नाही हे. आमच्या वाडीतलं प्रकरण असंच मागे घेऊन प्रांतांकडे गेलं. फक्त ऑर्डरचे शब्द नीट बघा.

देवगड_वकील
भाऊ म्हणतात ते खरं, सगळं शब्दांवर आहे. "अपील करण्याची मुभा देऊन, सर्व मुद्दे खुले ठेवून" असं लिहून घ्या. मुभेशिवाय मागे घेतलेलं रिट त्याच कारणासाठी पुन्हा घालता येत नाही, हे सुप्रीम कोर्टाने सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात (१९८६) ठरवलंय. इतर उपाय त्या निकालाने बंद होत नाहीत, तरी समोरचे वकील प्रांतांपुढे तोच मुद्दा उगाळतात.

मला जास्त काळजी स्थगितीची वाटते. रिट गेलं की तीही जाते. म्हणून अपील आणि स्थगितीचा अर्ज आधी तयार ठेवा, आणि मागे घेतानाच काही आठवड्यांचं संरक्षण मागा. मिळेलच असं नाही, पण मागितल्याशिवाय कोण देणार?

अपिलाची मुदत ६० दिवस (महसूल संहिता, कलम २५०), आदेश हाती आल्यापासून. ती उलटली असेल तर विलंब माफीचा अर्ज जोडा. हायकोर्टात प्रामाणिकपणे गेलेला काळ तारखांसह शपथपत्रात मांडा. असा काळ मुदतीतून वगळण्याचं मुदत कायद्याच्या कलम १४ चं तत्त्व त्यासाठीच आहे.

कातळवाडीकर, दापोली
वकीलसाहेब, खूप आभार. अपील जिंकलं तर मालकी पक्की होते का?

देवगड_वकील
नाही. फेरफार ही महसुली नोंद, मालकी दिवाणी कोर्ट ठरवतं. वाटपाचा वाद चिघळला तर दाव्याचाही विचार आत्ताच करा. आणि ऑर्डरची नक्कल त्याच दिवशी मागा.