चैतन्य ताम्हाणेंचे पिक्चर कुठून सुरू करू?

घोडबंदरकर: काल 'द डिसायपल' लावला नेटफ्लिक्सवर, अर्ध्या तासात बायको म्हणाली कॅमेरा हलतच नाही का हो यांचा. मला मात्र आवडतोय, पण नक्की काय आवडतंय ते सांगता येत नाहीये. आधी 'कोर्ट' बघायला हवा होता का?

नेरूळ_सेक्टर६: हो, आधी कोर्टच. २०१४ चा, पहिलाच सिनेमा आणि व्हेनिसला दोन बक्षिसं, मग राष्ट्रीय पुरस्कार. त्यात शेवटी कोर्ट रिकामं होतं, दिवे बंद होतात, पडदा काळा. आमच्याकडे बाबांनी टीव्हीच बंद केला, संपला म्हणून! खरा शेवट त्यानंतर आहे, जज साहेब सुट्टीवर जातात तो. तेवढं चुकवू नका.

पाचपाखाडी: कॅमेरा हलत नाही तेच तर आहे ना. लांबून फ्रेम लावतो आणि आपण बघायचं कुठे ते आपणच ठरवायचं. 'कोर्ट'मधल्या सरकारी वकीलबाई कामावरून सुटल्या की लोकलने घरी, मग स्वयंपाक, म्हणजे अगदी आपल्या ठाण्याच्या गाडीतल्या कुणीही वाटतात, म्हणूनच त्यांचा राग धड येत नाही. आणि डिसायपलमध्ये शास्त्रीय गाणं शिकणाऱ्या नायकाचं काम करणारा आदित्य मोदक खरा गायक आहे, आणि माईंचा, म्हणजे त्याच्या गुरूंच्या गुरू, ज्यांची ध्वनिमुद्रित भाषणं तो ऐकतो, त्यांचा आवाज दिग्दर्शिका सुमित्रा भावेंचा.

घोडबंदरकर: अरे तो नायक बाईकवर माईंचं ऐकत जातो तो स्लो मोशनवाला भाग, कॅमेरा तिथेच सरकतो की! बायकोला दाखवतो.

नेरूळ_सेक्टर६: दाखवा, पण जेवण झाल्यावर नको, झोपतील.