सोमदेव देववर्मनला अमेरिकेतील कॉलेज टेनिसचा नेमका काय उपयोग झाला?

सांगलीकर पालक (प्रश्न)

माझी मुलगी सोळा वर्षांची असून कनिष्ठ गटाच्या राष्ट्रीय स्पर्धा खेळते. बारावीनंतर तिने शिष्यवृत्तीवर अमेरिकेतील एखाद्या विद्यापीठात जावे, असे आम्हाला वाटते. तिच्या प्रशिक्षकांचे म्हणणे असे की, अठरा ते बावीस ही वर्षे क्रमवारीत वर चढण्याची असतात आणि ती कॉलेजात घालवणारा खेळाडू कायमचा मागे पडतो. अमेरिकेतील कॉलेज टेनिस खेळून पुढे आलेला भारतीय टेनिसपटू सोमदेव देववर्मन याचे नाव आम्ही काढले, तर ‘तो अपवाद’ एवढे म्हणून त्यांनी विषय संपवला. त्याच्या कारकिर्दीत त्या चार वर्षांचा वाटा किती होता, हे जाणकारांनी सांगावे.

बेसलाइन

सोमदेवचा जन्म 1985चा, गुवाहाटीचा. कुटुंब मूळचे त्रिपुराचे, तर बालपण कोलकाता आणि चेन्नईत गेलेले. सर्व्हिस बेताची, फटक्यांत फारशी ताकद नाही. सारी मदार पायांवर आणि चिकाटीवर. असा मुलगा अठराव्या वर्षी थेट व्यावसायिक झाला असता, तर त्याच्या वाट्याला फ्युचर्स, म्हणजे व्यावसायिक टेनिसच्या सर्वांत खालच्या पायरीवरच्या स्पर्धा आल्या असत्या. त्या काळी त्यांतील लहान स्पर्धांची एकूण बक्षीस रक्कमच 10,000 डॉलर असे. ती साऱ्या खेळाडूंत वाटली गेल्यावर पहिल्या-दुसऱ्या फेरीत हरणाऱ्याचा प्रवासखर्चही निघत नसे. त्याऐवजी तो शार्लट्सव्हिलच्या व्हर्जिनिया विद्यापीठात गेला, समाजशास्त्र शिकला आणि 2006, 2007 व 2008 अशी सलग तीन वर्षे एनसीएए (अमेरिकेतील कॉलेज खेळांची संघटना) अजिंक्यपद स्पर्धेत एकेरीची अंतिम फेरी त्याने गाठली. पहिली तो हरला, पुढच्या दोन्ही जिंकला.

2007चा अंतिम सामना विशेष लक्षात घेण्याजोगा आहे. सामना जॉर्जिया विद्यापीठाच्या कोर्टवर, समोर त्याच विद्यापीठाचा सहा फूट दहा इंच उंचीचा जॉन इस्नर आणि प्रेक्षक अर्थातच त्याच्या बाजूचे. सोमदेवने तो 7-6, 4-6, 7-6 असा जिंकला. इस्नरची सर्व्हिस ज्याने पाहिली आहे, त्याला दोन टायब्रेक (6-6 अशा बरोबरीनंतर सेटचा निकाल लावणारा गेम) जिंकण्याचे मोल सांगावे लागणार नाही. पुढच्या मोसमात सोमदेवने 44 सामने जिंकले आणि एकच गमावला.

आता ‘मागे पडण्या’विषयी. पदवी घेऊन बाहेर पडल्यावर वर्षभराच्या आत, जानेवारी 2009मध्ये, वाइल्ड कार्डवर, म्हणजे आयोजकांनी दिलेल्या थेट प्रवेशावर खेळताना त्याने माजी अव्वल खेळाडू कार्लोस मोयाला हरवत चेन्नई ओपनची अंतिम फेरी गाठली. तेथे मात्र मारिन चिलिच वरचढ ठरला. 2010मध्ये राष्ट्रकुल स्पर्धेत एकेरीचे सुवर्ण आणि ग्वांगझू आशियाई स्पर्धेत एकेरी व दुहेरी अशी दोन सुवर्णपदके मिळाली. दुहेरीतील जोडीदार सनम सिंगही व्हर्जिनियाचाच. 2011मध्ये तो जागतिक क्रमवारीत 62व्या स्थानापर्यंत पोहोचला. त्यापुढे तो गेला नाही, त्याचे कारण माझ्या मते कॉलेज नव्हे. सर्व्हिसवर फुकट गुण मिळत नसल्याने त्याला प्रत्येक गुण धावून मिळवावा लागे आणि 2012मध्ये खांद्याच्या दुखापतीने मोसमाचा मोठा भाग बुडाला. 2017च्या पहिल्याच दिवशी त्याने निवृत्ती जाहीर केली. एटीपी (पुरुषांच्या व्यावसायिक टेनिसची मुख्य मालिका) एकेरीचे विजेतेपद त्याला मिळाले नाही, हेही मुलीपासून लपवू नका.

कोर्ट नंबर सहा

मी अमेरिकेत एका लहानशा कॉलेजच्या संघातून खेळलो. माझी जागा कोणती होती, ते नावावरून कळेलच: एकेरीतली सहावी, म्हणजे शेवटची. प्रशिक्षकांच्या हिशोबात एक गोष्ट सुटते, ती म्हणजे तिथल्या सांघिक लढतीचे स्वरूप. आधी दुहेरीचे तीन सामने एकाच वेळी होतात आणि त्यांपैकी दोन जिंकणाऱ्या संघाला मिळून एकच गुण मिळतो. नंतर शेजारशेजारच्या सहा कोर्टांवर एकेरीचे सहा सामने सुरू होतात. जो संघ आधी चार गुण मिळवेल, तो जिंकला. हल्ली ड्यूसला (गेममध्ये 40-40 अशी बरोबरी) अ‍ॅडव्हान्टेज नसतो. एकाच गुणावर गेमचा निकाल लागतो.

एकदा संघ 3-3 असे बरोबरीत होते, बाकीचे पाचही सामने संपले होते आणि तिसऱ्या सेटमध्ये मी एकटा उरलो होतो. दोन्ही संघ जाळीच्या कुंपणाला चिकटून उभे, माझ्या रॅकेटची ग्रिप घामाने निसटत असलेली आणि मी दुसरी सर्व्हिस नेटमध्ये मारली. हरलो. बसमध्ये दोन तास कोणी बोलले नाही. पण दुसऱ्या दिवशी सकाळच्या सरावाला तेच आठ जण आले, फिजिओ आला, माझी ग्रिपही कोणीतरी बदलून ठेवली होती. फ्युचर्सवर एकटा फिरताना हरलो असतो, तर रात्री मीच मला जेवायला वाढले असते. सोमदेवच्या ज्या चिकाटीचे कौतुक होते, तिला दर आठवड्याच्या अशा लढतींचे खतपाणी नक्कीच मिळाले असणार.

श्रीरामपूरची

मुलीचा प्रश्न आहे, तर उदाहरण आपल्या ऋतुजा भोसलेचे घ्यावे. तीही अमेरिकेत, टेक्सास ए अँड एम विद्यापीठाकडून खेळली आणि 2023मध्ये हांगझू येथे रोहन बोपण्णाबरोबर मिश्र दुहेरीचे आशियाई सुवर्ण तिने जिंकले. अंतिम सामन्यात पहिला सेट 2-6 असा गमावल्यानंतर या दोघांनी दुसरा सेट 6-3 आणि निर्णायक टायब्रेक 10-4 असा जिंकला. शिवाय अमेरिकेच्या एमा नवारो आणि डॅनिएल कॉलिन्स या दोघी व्हर्जिनियाच्याच एनसीएए विजेत्या आहेत. कॉलिन्स पुढे 2022च्या ऑस्ट्रेलियन ओपनच्या अंतिम फेरीत पोहोचली. इतकी नावे झाल्यावर ‘अपवाद’ हा शब्द प्रशिक्षकांनी जरा जपून वापरावा.

सांगलीकर पालक

सर्वांचे आभार. सोमदेवच्या सर्व्हिसविषयीचा मुद्दा मुलीला वाचून दाखवला, कारण तिचीही अडचण तीच आहे. तयारी कोठून सुरू करावी?

बेसलाइन

कागदपत्रांपासून. कॉलेज संघातून खेळण्याची पात्रता ठरवताना नववीपासूनचे विषय आणि गुण तपासले जातात, त्यामुळे केवळ दहावी-बारावीच्या गुणपत्रिकांवर भागत नाही. नववी आणि अकरावीचे निकाल शाळा-कॉलेजकडून सही-शिक्क्यासह आत्ताच मागून घ्या. तिथल्या कॉलेजांच्या प्रशिक्षकांना पाठवायच्या चित्रफितीत निवडक फटके नकोत, सलग दोन-तीन गेम असू द्या, आणि त्यांत तिने हरलेला एक तरी असावा.