डिझायनरला मराठीत काय म्हणायचं? कारागीर चालेल?

मुग्धा_के: काय फ्रांकवरच्या एका लेखाचं मराठी करतेय (हो, नाव 'काय' असंच आहे, हसून घ्या). फिनलंडचा, जन्म १९११, १९४५ पासून आराबिया या चिनी मातीच्या भांड्यांच्या कारखान्यात. १९५३ साली त्याची 'किल्ता' भांडी आली, नक्षीबिक्षी काही नाही, अख्खा सेट घ्यायची सक्ती नाही, लागेल तेवढी सुटी घ्या नि एकात एक रचून ठेवा. मी 'कारागीर' लिहिलं तर संपादक म्हणतात कारागीर स्वतःच्या हाताने करतो, हा तर कारखान्यासाठी आकार ठरवणारा. डिझायनरही नको म्हणे. मग काय लिहू?

शुद्धमती: अभिकल्पक. शब्द केव्हाचा आहे, आपण वापरत नाही म्हणून परका वाटतो. कारागीर तर फारसीतला.

बंड्या७: अभिकल्पकाची कपबशी घ्यायला टेंडर भरावं लागेल 😀 बांधकाम खात्यात डिझाइनला संकल्पचित्र म्हणतात, ते पण पाटीपुरतं, साइटवर सगळे डिझाइनच म्हणतात. आणि फारसी नको तर 'कागद' पण सोडा.

आजोळचा: आमची आजी भांडं घेताना उलटं करून बूड बघायची, मग कडेवरून बोट फिरवायची आणि म्हणायची "घाट बरा आहे, पत्रा पातळ आहे". डिझाइन म्हणजे घाटच की! घट वरूनच आला असणार, सरळ आहे.

शुद्धमती: घट नव्हे हो, घडणे. घडण, घडणावळ सगळी एकाच घरातली. आणि घाट घडवणाऱ्याला काय म्हणणार, घाटी?

हेलसिंकीकर: इथे डिझाइनला मुओतोइलु म्हणतात, मुओतो म्हणजे आकार, म्हणजे आजीचा घाट फार लांब नाही. आणि किल्ता म्हणजे कारागिरांचा संघ, गिल्ड, त्यामुळे कारागीर म्हटल्याने त्याला काही कमीपणा येत नाही असं माझं मत. गंमत म्हणजे कारखान्यात बनणाऱ्या रोजच्या वस्तूंवर डिझायनरचं नाव मिरवू नये म्हणून हाच माणूस साठच्या दशकात भांडत होता, आणि आपण त्याला बिरुद शोधतोय! किल्ता सत्तरच्या दशकात बंद झाली, १९८१ ला तीच सुधारून 'तेएमा' म्हणून आली, ती आमच्या घरी आहे, खोलगट थाळीत वरणभात मस्त बसतो, कडेला ओघळत नाही. किल्तातला दुधाचा छोटा जगही भारी, तेव्हा बऱ्याच घरात फ्रिज नसायचा म्हणून खिडकीच्या दोन तावदानांच्या मधल्या गार फटीत मावेल असा केलेला.

मुग्धा_के: अरे वा, हे लेखात घालते. पण या जगला काय म्हणू? चंबू?

आजोळचा: चंबूचं पोट गोल, तो कसला फटीत जातोय. बुधली म्हणा.

बंड्या७: बुधली तेलाची. दूध बुधलीत?

शुद्धमती: गडू.

आजोळचा: गडूला चोच नसते.

शुद्धमती: आमच्या माहेरच्या गडूला होती.

बंड्या७: मग ती झारी होती ताई.