राज्यपालांच्या पत्नीचं नेमकं काम काय असतं?

सांजवेळ
नमस्कार मंडळी, बरेच दिवस डोक्यात घोळतंय म्हणून विचारते. पुण्यात आमची कर्णबधिर मुलांची छोटी शाळा आहे, मी तिथे कमिटीवर आहे. मागे शाळेला पंचवीस वर्षं झाली तेव्हा राज्यपालांना बोलावलं होतं, त्यांना जमलं नाही आणि त्यांच्या पत्नी येतील असा निरोप आला. (कोण ते लिहीत नाही, त्यांना विचारलेलं नाही म्हणून.) कमिटीत तेव्हा थोडी नाराजीच होती, की साहेब नाहीत म्हणजे पेपरवाले येणार नाहीत वगैरे. पत्रिकेवर छापलं "मा. राज्यपालांच्या सुविद्य पत्नी" आणि स्टेजवर ओळख करून दिली ती चार वाक्यांची, चारही वाक्यं साहेबांबद्दलची.

आमच्याकडे प्रत्येकाला एक खूण असते, बोटांनी अख्खं नाव लिहीत बसायला वेळ लागतो म्हणून. कार्यक्रमाआधी वर्ग बघताना चौथीतल्या एका मुलीने त्यांना निरखून बघितलं, त्यांच्या हनुवटीवर तीळ आहे, तर हिने आपल्या हनुवटीला बोट लावून तीच त्यांची खूण ठरवून टाकली. बाईंनी ती दोनतीनदा करून बघितली, बोट नीट टेकतंय ना ते त्या मुलीलाच विचारलं. आणि मग भाषणाला उठल्या तेव्हा माईक घ्यायच्या आधी मुलांकडे बघून नमस्कार आणि मग ती खूण. सगळी मुलं दोन्ही हात वर करून हलवायला लागली, आमच्याकडे टाळ्या अशाच असतात. मला आत्ता लिहितानाही भरून येतंय.

चहाच्या वेळी कळलं की बाईंनी त्यांच्या गावी बावीस वर्षं शाळेत विज्ञान शिकवलंय, नवऱ्याची नेमणूक झाली तशी नोकरी सोडून इकडे आल्या. आम्ही हे पत्रिकेत छापलंच नव्हतं कारण आम्हाला माहीतच नव्हतं, कोणी विचारलंच नव्हतं. तेव्हापासून मनात आहे की या बायकांचं काम नेमकं काय असतं, कुठे लिहिलेलं असतं का, मानधन असतं का, आणि त्यांच्या आधीच्या आयुष्याचं काय होतं? कुणाला माहीत असेल तर सविस्तर लिहा प्लीज.

निवृत्त_मंत्रालयीन
ताई, मी नोकरीतली काही वर्षं राजशिष्टाचाराच्या कामात काढली आहेत तेव्हा जेवढं पक्कं माहीत आहे तेवढं सांगतो. राज्यघटनेत राज्यपालांबद्दल कलम १५३ पासून पुढे बरंच आहे, नेमणूक, शपथ, राष्ट्रपतींची मर्जी असेपर्यंत पद, भाडं न देता निवासस्थान, पण पत्नीबद्दल किंवा पतीबद्दल एक शब्द नाही. पगाराचा १९८२ चा वेगळा कायदा आहे, राज्यपालांना २०१८ च्या सुधारणेनंतर महिना साडेतीन लाख रुपये, आणि कुटुंबीय म्हणून पत्नीला सरकारी इस्पितळात मोफत उपचार. पत्नीला स्वतःचं मानधन शून्य.

आता दोन गोष्टी अशा सांगतो ज्यातून फरक लगेच कळेल. गाडीवर तिरंगा लावायचा मान ज्यांना आहे त्यांच्या यादीत राज्यपाल आहेत, त्यांच्या पत्नी नाहीत. आणि औपचारिक समारंभात राज्यपाल आले की राष्ट्रगीत होतं, पत्नी एकट्या आल्या तर नाही. म्हणजे कागदावर त्या तुमच्याआमच्यासारख्याच नागरिक. पण प्रत्यक्षात २६ जानेवारी आणि १५ ऑगस्टचं चहापान असो, परदेशी पाहुणे असोत, दारात राज्यपालांच्या शेजारी उभं राहून शेकडो लोकांना नमस्कार त्याच करतात. आणि मुंबई, पुणे, नागपूर, महाबळेश्वर असा चार ठिकाणचा संसार. स्टाफमध्ये कित्येक जण त्यांना सरळ "लेडी गव्हर्नर" म्हणतात, हा शब्द कुठल्याच नियमात नाही, आणि बाईच राज्यपाल असल्या की त्याचा गोंधळ होतो तो वेगळाच.

नेमणूक कधीही बदलते हेही लक्षात घ्या. संध्याकाळी बातमी येते आणि काही दिवसांत दुसऱ्या राज्यात, दुसऱ्या भाषेत नवीन घर.

वाचनखूण
सांजवेळ, तुमचा अनुभव वाचून लिहिल्याशिवाय राहवलं नाही, आपल्याच राज्यात या पदाच्या, म्हणजे पद नसलेल्या पदाच्या, सावलीत केवढ्या मोठ्या बायका येऊन गेल्यात आणि आपल्याला नावंही माहीत नसतात. पी. व्ही. चेरियन १९६४ ते ६९ महाराष्ट्राचे राज्यपाल होते, त्यांच्या पत्नी तारा चेरियन त्याआधीच मद्रासच्या पहिल्या महिला महापौर होऊन गेल्या होत्या! १९६७ मध्ये, म्हणजे मुंबईत राजभवनात राहत असताना, त्यांना पद्मभूषण मिळालं. विचार करा, एक अख्खं शहर चालवलेली बाई इथे येऊन "राज्यपालांच्या सुविद्य पत्नी". आणि १९६९ मध्ये चेरियन पदावर असतानाच गेले. घर तर राज्यपालांचं असतं, बाईचं नसतं, दुःखातच सामान बांधायचं.

मग अली यावर जंग, हेही पदावर असतानाच डिसेंबर १९७६ मध्ये गेले. त्यांच्या पत्नी झेहरा यांना १९७३ मध्ये समाजकार्यासाठी पद्मभूषण. वांद्र्याच्या कर्णबधिरांच्या राष्ट्रीय संस्थेला अली यावर जंग यांचं नाव आहे, तुमच्या क्षेत्रातलीच संस्था म्हणून मुद्दाम सांगते.

आणि माझ्या मते सगळ्यात मोठं उदाहरण बिल्कीस लतीफ. इद्रिस लतीफ हवाईदलप्रमुख होते आणि १९८२ ते ८५ आपले राज्यपाल. बिल्कीसबाई हैदराबादच्या हैदरी घराण्यातल्या, आई फ्रेंच. मलबार हिलच्या टोकावर तिन्ही बाजूंनी समुद्र असलेल्या त्या बंगल्यात राहायचं आणि कामाला जायचं धारावीत! तिथल्या वस्तीच्या आरोग्याच्या, शिक्षणाच्या कामात त्या उतरल्या, संस्था उभी केली, मुंबई सोडल्यावरही ते काम सोडलं नाही. २००९ मध्ये पद्मश्री, म्हणजे राजभवन सोडून जवळजवळ पाव शतक झाल्यावर.

मला वाटतं याचं एक कारण सैन्यातलं आहे. तिथे दलप्रमुखाच्या पत्नीला जवानांच्या कुटुंबांच्या कल्याण संस्थेचं काम प्रथेनेच बघावं लागतं, विधवा, मुलांच्या शाळा, नवरा सीमेवर असलेल्या बायका, हे सगळं. म्हणजे कामाची जागा तयार असते. राजभवनात (आता लोकभवन म्हणतात) अशी तयार जागा नाही, बाईने स्वतः शोधली तर आहे, नाहीतर पाच वर्षं शाल-श्रीफळ.

परळकर
अजून एक, आमच्या परळचा संबंध आहे म्हणून. पूर्वी गव्हर्नरचा बंगला मलबार हिलला नव्हता, परळला होता, आज जिथे हाफकिन आहे तिथेच. जेम्स फर्ग्युसन, ज्यांच्या नावाने पुण्याचं कॉलेज आहे, ते गव्हर्नर असताना त्यांची बायको ऑलिव्ह त्या बंगल्यात कॉलऱ्याने गेली. त्यानंतर १८८५ च्या सुमाराला मुक्काम कायमचा मलबार पॉइंटला हलला, आणि परळच्या रिकाम्या बंगल्यात १८९९ मध्ये हाफकिन साहेबांची प्लेगची प्रयोगशाळा आली. फर्ग्युसनचं नाव रोज हजारो पोरांच्या तोंडी असतं, ऑलिव्हचं नाव मी चाळिशी ओलांडल्यावर पहिल्यांदा वाचलं, जन्म परळचा असून.

रोखठोक
सगळ्यांबद्दल आदर ठेवून वेगळं मत मांडतो. ज्यांना कोणी निवडलं नाही, नेमलं नाही, त्यांना सरकारी भूमिका का असावी? विजयालक्ष्मी पंडित १९६२ ते ६४ इथे राज्यपाल होत्या, त्या विधवा होत्या. कोश्यारी २०१९ ते २३, अविवाहित. राजभवनाचं काही अडलं का? मग पत्नीने दारात उभं राहिलंच पाहिजे ही अपेक्षाच चुकीची आहे, आणि त्यासाठी बावीस वर्षांची नोकरी सोडायला लागणं तर त्याहून चुकीचं. त्या विज्ञानाच्या बाई पुण्यातल्या एखाद्या शाळेत शिकवत राहिल्या असत्या तर राज्याचा जास्त फायदा झाला असता असं माझं प्रामाणिक मत.

वाचनखूण
रोखठोक, नोकरीबद्दल शंभर टक्के मान्य. पण भूमिकाच नको म्हणाल तर धारावीतलं ते काम झालं नसतं. त्या दाराआड कुठलाही अधिकारी, कुठलाही उद्योगपती फोन उचलतो, ते वजन चांगल्या कामाला लागत असेल तर लागू द्यावं. फक्त सक्ती नको.

अंबानगरी
आणि नवऱ्यांचं काय? आमच्या अमरावतीच्या प्रतिभाताई २००४ ते ०७ राजस्थानच्या राज्यपाल होत्या. देवीसिंह शेखावत म्हणजे आमच्या शहराचे पहिले महापौर, आमदार राहिलेले, कॉलेजचे प्राचार्य. गोव्यात मृदुला सिन्हा होत्या तेव्हा त्यांचे पती रामकृपाल सिन्हा, जनता सरकारात केंद्रात राज्यमंत्री राहिलेले. या दोघांची ओळख देताना लोक आधी त्यांचं स्वतःचं पद सांगायचे, मग "ताईंचे यजमान". कोणी "सुविद्य पती" छापलेलं मी तरी बघितलं नाही. उलट्या बाजूला वसंतदादा राजस्थानला राज्यपाल होते तेव्हा शालिनीताई स्वतः महसूलमंत्री राहून आलेल्या, पण तशा बाईलाही लोक दादांच्या नावानेच ओळखत राहिले. माझं एवढंच म्हणणं आहे की जो नियम यजमानांना तोच बाईंना लावा, आधी तिचं नाव, तिचं काम, मग नातं.

सांजवेळ
किती भरभरून लिहिलंत सगळ्यांनी, मनापासून आभार. झेहराबाईंचं वाचून अंगावर काटा आला कारण आमच्या दोन शिक्षिका वांद्र्याच्या त्याच संस्थेत शिकून आल्यात आणि आमच्यापैकी कोणालाच हे माहीत नव्हतं, उद्या सांगते त्यांना. रोखठोक, तुमचं पटलं मला. त्या दिवशी बाई आमच्या सातवीच्या वर्गात फळ्यापाशी थांबल्या होत्या, अर्धवट पुसलेली पानाच्या छेदाची आकृती होती, त्यांनी सवयीने खडू उचलला, तुटलेली रेघ जोडली आणि मग एकदम आजूबाजूच्या लोकांकडे बघून खडू खाली ठेवला. तेव्हा मला त्यात काही वाटलं नव्हतं.

आता एक कामाचं विचारते. डिसेंबरात शाळेचं प्रदर्शन आहे, त्या आता महाराष्ट्रात नाहीत, पण पाहुण्या म्हणून त्यांनाच बोलवायचं ठरवलंय, विज्ञान शिक्षिका म्हणून, साहेबांना वेगळं आमंत्रण न देता. पत्र कोणाच्या नावाने पाठवायचं? आणि असं एकट्या बाईंना बोलावलेलं चालतं ना, कुठे चूक तर नाही ना होत?

निवृत्त_मंत्रालयीन
अजिबात चूक नाही. पाकिटावर त्यांचंच नाव, मजकूरही त्यांनाच उद्देशून. साहेब अजून दुसऱ्या राज्यात पदावर असतील तर एक प्रत तिथल्या लोकभवनाच्या, म्हणजे पूर्वीच्या राजभवनाच्या, परिवार प्रबंधकांना पाठवा, येण्याजाण्याची व्यवस्था तेच बघतात. तिकडून मिनिट टू मिनिट कार्यक्रम मागतील तो आधीच जोडा. आणि त्यात पंधरा मिनिटं मोकळी ठेवून समोर लिहा "सातवीचा वर्ग, विज्ञानाचा तास". कार्यक्रमपत्रिकेत असेल तर कोणी मध्येच उठवत नाही.

सांजवेळ
पंधरा नाही, पूर्ण तास ठेवते. पस्तीस मिनिटांचा असतो आमचा.